चाळीस टेबलांची रीत

करिष्मा स्वतःहून रुक्माच्या खोलीत आली, पलंगावर तिच्या अंगाला अंग लावून बसली आणि "मोठी आई, एक काम था," असं लाडात म्हणाली, तेव्हाच खरं तर रुक्मानं सावध व्हायला हवं होतं. त्या घरात रुक्माची आठवण निघायची ती कामाच्या वेळी, आणि काम जितकं मोठं तितका आवाज गोड. पण अठ्ठावन्न वर्षांची ती बाई पोरीच्या तोंडून 'मोठी आई' ऐकलं की विरघळायची. त्यापुढं तिचं काही चालत नसे.

करिष्मा तिच्या पोटची नव्हती, दिराची, प्रेमानंदची मुलगी होती. बाळंतपणानंतर पोरीची आई अन्नपूर्णा दोन वर्षं अंथरुणाला खिळली, तेव्हा मरोद्याच्या क्वार्टरमध्ये रुक्मानंच पोरीला न्हाऊमाखू घातलं, वाटीत दूधपोळी कुस्करून भरवली, चालायला शिकवलं. रुक्माला मूलबाळ झालं नाही. नवरा कवडू पोलादाच्या प्लांटमध्ये होता. तो हार्ट अटॅकनं गेला, क्वार्टर सुटलं आणि ती दिराच्या रिसालीतल्या घरी राहायला आली. तोवर अन्नपूर्णा खडखडीत बरी झाली होती आणि पोर आईची झाली होती. रुक्माकडे फक्त ते नाव उरलं, आणि तेही चार भिंतींच्या आत. चारचौघांत तिला कुणी मोठी आई म्हटल्याचं तिला आठवत नव्हतं. करिष्माच्या साक्षगंधाच्या दिवशी नवऱ्याकडच्या, नेहरू नगरच्या पाहुण्यांनी "ह्या कोण?" असं विचारलं, तर अन्नपूर्णेनं सांगितलं होतं, "घरच्याच हायेत. चहाचं पाहतेत." रुक्मा तेव्हा ट्रे हातात घेऊन तिथंच उभी होती.

"स्टेजचं डेकोरेशनवाला करून राहिला," करिष्मा सांगू लागली. "लेकिन टेबल का ना, मले घरच्या हातचं पाह्यजे. आजकल सब खुद बनाते हैं. मंग त्याची रील टाकू."

तिनं मोबाइल उघडून फोटो दाखवला. परदेशातलं कुठलंसं लग्न होतं. पांढरंशुभ्र टेबल, मधोमध काचेच्या बरणीत मेणबत्ती आणि बरणीभोवती हिरव्या पानांचं, पांढऱ्या फुलांचं गोल कडं. रुक्मानं फोन डोळ्यांजवळ नेला, चष्मा वर केला, खाली केला आणि फोन पोरीच्या मांडीवर ठेवून दिला.

"हे त रीत व्हय," ती म्हणाली.

"हां, वही! रीथ!" करिष्मानं टाळी वाजवली. "तुले माहीत हाय?"

माहीत नसायला काय झालं. रुक्माची बावीस वर्षं त्यातच गेली होती. प्लांटच्या बागेत ती ठेक्यावर कामाला होती. प्लांटमधलं कुणी गेलं की खात्यातून बागेत निरोप यायचा, एक रीथ पाठवा. साहेब लोक रीथ म्हणायचे, बागेतल्या बाया रीत म्हणायच्या. बांबूची कामटी वाकवून कडं करायचं, त्यावर धानाचा पैरा, म्हणजे पेंढा, गुंडाळायचा, सुतळीनं आवळायचा. मग अशोकाची पानं, मग पांढरी शेवंती, एका फुलाचा दांडा दुसऱ्या फुलाखाली दाबत दाबत. शेवटी खात्याच्या नावाची पट्टी. साहेब यायचे, मयताच्या पायाशी रीत ठेवायचे, दोन पावलं मागं सरायचे आणि मान खाली घालून दोन मिनिटं उभे राहायचे. कवडू गेला तेव्हाही बागेत निरोप आला. घरात रडारड चालू असताना रुक्मा उठली, बागेत गेली आणि नवऱ्याची रीत तिनं आपल्या हातानं बांधली. दुसरीच्या हातची तिला चालणार नव्हती. नातेवाइकांनी ही गोष्ट तिला कधी माफ केली नाही. रडायचं सोडून फुलं बांधत बसली म्हणे.

"पोरी, हे मयताचं असते," रुक्मा हलक्या आवाजात म्हणाली. "लग्नात नाई ठेवत."

"ओहो मोठी आई! फॉरेन में दरवाजे पे लटकाते हैं. खुशी में. तू कावून तेच धरून बसली?"

दारात प्रेमानंद उभा होता. त्याचीही तीस वर्षं प्लांटमध्ये गेली होती. रुक्मानं त्याच्याकडे पाहिलं. "भाऊजी, तुमीच सांगा न इले. तुमी त पाह्यल्या हायेत रिती."

प्रेमानंदनं पुढं होऊन फोटो पाहिला. त्याला कळलं, हे रुक्माला स्पष्ट दिसलं. पण लेकीला नाही म्हणायचं धाडस त्या माणसात कधीच नव्हतं, आणि दुसऱ्याच्या डोक्यावर भार टाकून निघून जायची कला मात्र पुरेपूर होती. "जमाना बदलला वहिनी," तो म्हणाला. "होऊ द्या पोरीच्या मनासारखं." आणि तो मंडपवाल्याला फोन लावत बाहेर गेला.

 मग करिष्मानं हुकमी पान टाकलं.

"तू टेबलं करून दे. अन् लग्नात आईबाबासंग तूच स्टेजवर फुलं वाहशीन. बुद्धाच्या मूर्तीले, बाबासाहेबाच्या फोटोले. माईकवर नाव घेतील तुयं. 'वधूच्या मोठी आई' म्हणून. पक्का वादा."

"माईकवर?"

"माईकवर. सबके सामने."

झालं. रुक्मा बरणी किती रुंद असेल ते विचारू लागली.

लग्न फेब्रुवारीतलं होतं, दुपारी बाराचं. आदल्या दोन दिवसांत चाळीस कडी व्हायला हवी होती. रुक्मानं कामट्या स्वतः तासून घेतल्या, मरोद्याच्या ओळखीच्या बाईकडून पैरा आणवला. दुर्गच्या फुलबाजारातून शेवंती आणि निशिगंध आले, ते तिनं ओल्या गोणपाटाखाली ठेवले. मागच्या अंगणात सतरंजी टाकून ती बसली. हात आपोआप चालू लागले. एवढ्या वर्षांनीही बोटं काही विसरली नव्हती आणि तिला त्याचा अभिमानही वाटला. पोरीच्या लग्नाला आपल्या हाताचा उपयोग होतोय म्हणून ती मनातून आनंदली होती, हे खोटं कशाला सांगायचं.

पहिलं कडं पुरं व्हायला आलं तेव्हा मात्र ती थांबली. शेवटची चार बोटं जागा उरली होती. तिथं फूल दाबलं की कडं बंद होणार आणि बंद झालं की ती रीत होणार. रुक्मानं फूल हातातच धरलं. मग तिनं ती चार बोटं जागा तशीच सोडली. तिथला पैरा काढून टाकला, कामटीवर फक्त एक अशोकाचं पान गुंडाळलं आणि दुसरं कडं हाती घेतलं. असं कुणी तिला शिकवलं नव्हतं. तिनं आपल्या मनानंच ठरवलं की गेलेल्या माणसाचं वर्तुळ बंद असतं, आणि ज्याला अजून संसार करायचा आहे त्याला जायला यायला वाट लागते. चाळीसच्या चाळीस कड्यांना तिनं अशी वाट ठेवली.

हे तिनं कुणाला सांगितलं नाही. लग्नघरात मयत हा शब्द एकदा तोंडातून गेला होता, तोच तिला डाचत होता. पुन्हा तो उच्चारायचा नाही असं तिनं ठरवलं. तिची चूक कुठली असेल तर एवढीच.

करिष्मा मैत्रिणींना घेऊन अंगणात आली आणि रील काढू लागली. रुक्मानं घाईनं केस सारखे केले, पदर खांद्यावर नीट घेतला.

"चेहरा नको, मोठी आई," करिष्मा म्हणाली. "सिर्फ हाथ. हात किती ऑथेंटिक दिसून राहिले तुये."

रुक्मानं हात पुढं केले. चीर पडलेली बोटं, नखांत सुतळीचे तंतू. मैत्रिणी 'ऑ' करून कौतुकानं ओरडल्या.

लग्नाच्या दिवशी सकाळीच रुक्मा नेहरू नगरच्या मंगल भवनात पोचली. गोल टेबलांवर पांढरी कापडं घातलेली होती. तिनं प्रत्येकावर कडं ठेवलं, मधोमध बरणी, बरणीत मेणबत्ती. प्रत्येक कड्याची मोकळी बाजू तिनं स्टेजकडे केली, सगळ्या वाटा तिकडे जातील अशा. मग स्वच्छतागृहात जाऊन पांढरी साडी नेसली. खास स्टेजसाठी घेतलेली होती, अजून घडी मोडायची होती. बाहेर आली तर करिष्माच्या तीन मैत्रिणी उरलेल्या शेवंतीची टोपली घेऊन टेबलांमधून फिरत होत्या. एकीच्या हातात फोन होता आणि फोनवर पार्लरच्या खुर्चीत बसलेली करिष्मा.

"वो देख, फिर से गॅप है," फोनमधून आवाज येत होता. "फूल कम पड गये होंगे. सब भर दो जल्दी. फोटो में सस्ता दिखेगा."

रुक्मा धावत गेली. तिनं एका पोरीचं मनगट धरलं. "नको माय. ते तसंच ठेव. मोकळंच पाह्यजे."

"क्यों आंटी?"

रुक्माच्या जिभेवर तो शब्द आला. स्टेजवर बुद्धाची मूर्ती बसवून झाली होती, शेजारी बाबासाहेबांच्या तसबिरीला हार घालणं चालू होतं. तिनं तो गिळला. "असंच असते ते," एवढंच म्हणाली.

"दीदी ने बोला है," पोरगी म्हणाली, मनगट सोडवून घेतलं आणि चार फुलं त्या मोकळ्या जागेत खुपसली. अर्ध्या तासात चाळीस वाटा बंद झाल्या. रुक्मा एका खांबाला टेकून ते बघत राहिली. बावीस वर्षांत तिनं एका दिवसात एवढ्या रिती कधी पाहिल्या नव्हत्या.

साडेअकराला वरात आली. नवरदेव अमरदीप बँकेत होता, त्याचं घराणं प्लांटमधलंच. पाहुणे टेबलांभोवती बसू लागले. अमरदीपचे मोठे वडील, म्हणजे थोरले काका, शेषराव चाळीस वर्षं प्लांटमध्ये फोरमन होते. ते पुढच्या टेबलाशी आले, खुर्ची ओढली, बसले, आणि समोर पाहून पुन्हा उभे राहिले.

"ही रीत कोनासाठी?" त्यांनी विचारलं. आवाज भट्टीपुढं कमावलेला, अख्ख्या हॉलला ऐकू गेला. "मी अजून जिता हाय नं बापा."

शेजारच्या टेबलावरचा एक म्हातारा हसला. दुसरा हसला नाही. त्यानं कडं उचलून खाली-वर पाहिलं, पट्टी कुठल्या खात्याची आहे ते शोधत. तिथून मग ते पसरत गेलं. प्लांटच्या माणसांना सांगावं लागत नव्हतं. त्यांच्यातल्या प्रत्येकानं केव्हा ना केव्हा असं कडं कुणाच्या तरी पायाशी ठेवलं होतं. बाया खुर्च्या मागं सरकवू लागल्या. एका लहान पोरानं फूल ओढलं तर आईनं त्याच्या हातावर चापट मारली.

अमरदीपची आई अन्नपूर्णेपुढं येऊन उभी राहिली. शिकलेली, समजदार बाई. "पाहा विहीनबाई, आमी शकुन-अपशकुन काई मानत नाई," ती म्हणाली. "बाबासाहेबानं शिकवलंच नाई ते आमाले. पन हे काय हाय?"

त्या 'पन'मध्ये जे काय मानत नव्हते ते सगळं होतं.

वधूच्या खोलीचं दार उघडलं. करिष्मा पांढऱ्या साडीत, जरीचा काठ सावरत बाहेर आली. कुणीतरी तिला आतच सगळं सांगितलं होतं. ती सासूकडे आली, रुक्मा तिथून पाच हातांवर उभी होती. रुक्माला वाटलं, पोर आता म्हणेल, फोटो माझा होता. नाही तर निदान म्हणेल, चूक झाली.

"मम्मीजी, मैंने तो सिर्फ फूल बोले थे," करिष्मा म्हणाली. डोळ्यांत पाणी, काजळ विस्कटणार नाही एवढंच. "हे मोठ्या आईनं केलं. तिले दुसरं येतच नाई. जिंदगीभर यही बनाया है उसने."

रुक्मानं प्रेमानंदकडे पाहिलं. तो जवळच होता. फोटो त्यानं पाहिला होता, रुक्माचं बोलणं त्यानं ऐकलं होतं, आणि हे दोघांनाही पक्कं ठाऊक होतं. प्रेमानंद छातीवरचा 'वधूपिता'चा बिल्ला सरळ करू लागला. तो सरळ झाल्यावर म्हणाला, "वहिनी, तुमाले समजाले पाह्यजे होतं."

 

"नवऱ्याचीबी हिनंच बांधली होती," अन्नपूर्णा विहीणबाईंना सांगत होती, रुक्मा तिथं नसल्यासारखी. "डोयात टिपूस नाई. आता आमच्या पोरीच्या सुखावर नजर. मूलबाळ नाई न, मंग असं होते मानसाचं."

"उचला त्या," अमरदीपची आई म्हणाली. "आधी उचला."

हॉलची माणसं कडी उचलायला निघाली तर अन्नपूर्णेनं त्यांना थांबवलं. "तुमी नोका हात लावू. जिनं ठेवल्या थेच उचलीन. जा जाऊबाई, मागं नेऊन टाका."

आणि रुक्मानं उचलल्या. चारशे माणसांच्या देखत, घडी मोडलेल्या नव्या साडीत, ती टेबलाटेबलाशी गेली. दोन्ही हातांत अडकवून ती कडी मागच्या दारानं बाहेर न्यायची, पाण्याच्या टँकरपाशी ढीग घालायची आणि पुन्हा आत यायची. कुणी पाय बाजूला घेतले, कुणी घेतलेही नाहीत. एका बाईनं आपल्या समोरचं कडं बोटाच्या टोकानं तिच्याकडे ढकललं. शेषराव तेवढे म्हणाले, "काम मात्र पक्कं हाय बाईचं," आणि त्यांच्या टेबलावर हशा पिकला.

ती ढिगापाशी उभी असतानाच आतून बौद्धाचार्यांचा आवाज ऐकू आला. त्रिशरण, पंचशील झालं. मग माईकवर दुसरा आवाज आला, सूत्रसंचालन करणाऱ्याचा, कमावलेला. "आता वधूचे आई-वडील आणि वधूच्या मोठी आई यांनी मंचावर येऊन पुष्प अर्पण करावं, अशी मी विनंती करतो."

रुक्मानं डोळे मिटले. शब्द पाळला होता पोरीनं. सगळ्यांसमोर बोलली ते सासूच्या धाकानं बोलली असेल, बिचारी, दुसरं काय करणार होती. पण यादीतलं नाव तिनं काढलं नव्हतं. रुक्मानं टँकरच्या नळाखाली हात धुतले, नखांतला पैरा काढला, पदराला हात पुसले आणि ती मागच्या दारानं आत आली. टेबलांमधल्या लाल गालिच्यावरून ती चालू लागली. निम्म्या हॉलनं तिच्याकडे वळून पाहिलं. तिची मान ताठ होती.

ती मध्यावर आली तेव्हा पुढच्या रांगेतून बेबीताई उठली. अन्नपूर्णेची थोरली बहीण, नागपूरहून आदल्या दिवशीच आलेली. विदर्भात बापाच्या थोरल्या भावाची बायको मोठी आई असते आणि आईची थोरली बहीणही मोठी आईच असते. नाव एक, बाया दोन. बेबीताईनं फुलांचं ताट हातात घेतलं. ते ताट सकाळी रुक्मानंच भरलं होतं, सगळ्यांत चांगली फुलं निवडून. करिष्मानं खाली वाकून मावशीचा हात धरला आणि तिला पायरी चढवली.

"वधूच्या मोठी आई, आदरणीय बेबीताई," माईक म्हणाला. टाळ्या पडल्या.

रुक्मा गालिच्याच्या मध्यावर तशीच उभी राहिली. पुढं जायला जागा नव्हती आणि मागं वळायचं तर पुन्हा त्याच सगळ्या तोंडांसमोरून जायचं होतं. तेवढ्यात बाजूच्या टेबलावरून कुणीतरी तिला हाक मारली.

"ओ बाई, बरं झालं आल्या. ही एक राहिली."

खांबाआडच्या टेबलावर एक कडं राहून गेलं होतं. रुक्मानं ते उचललं. गोल, भरगच्च, चार बोटं जागेत शेवंतीची चार फुलं कशीबशी खुपसलेली. ती खांबाशी गेली आणि कडं मांडीवर घेऊन एका रिकाम्या खुर्चीवर बसली. मंगल परिणय लागला, फुलांचा वर्षाव झाला, जेवणं सुरू झाली. एवढ्या वेळात तिनं एकच काम केलं. ती खुपसलेली चार फुलं उपसून काढली, त्यांचे दांडे आपल्या पद्धतीनं एकाखाली एक दाबले आणि ती जागा नीट बंद केली. आता कुठं उणं राहिलं नव्हतं.

स्टेजवर नवरानवरीला भेटायला रांग लागली होती. रुक्मा रांगेत उभी राहिली. पुढच्याच्या हातात पाकीट होतं, मागच्याच्या हातात मिक्सरचा खोका. तिच्या हातातल्या कड्याकडे कुणी लक्ष दिलं नाही. टाकायला नेत असेल, असंच सगळ्यांना वाटलं. रांग सरकत गेली. ती पायऱ्या चढली.

"आओ, मोठी आई," फोटोसाठी हसत असलेली करिष्मा ओठ न हलवता पुटपुटली. "जल्दी से एक फोटो, बस."

रुक्मानं तिच्या डोक्यावरून हात फिरवला नाही. ती खाली वाकली आणि कडं करिष्माच्या पायांशी ठेवलं, अगदी सरळ, मधोमध. एक फूल कलंडलं होतं, ते बोटानं नीट केलं. मग ती उठली, दोन पावलं मागं सरली, हात जोडले आणि मान खाली घातली.

फोटोवाल्यानं सवयीनं फोटो काढला आणि मग कॅमेरा खाली घेतला. करिष्माच्या चेहऱ्यावरचं हसू जागच्या जागी राहिलं, फक्त त्यातला जीव गेला. तिनं पाय मागं घ्यायला पाहिलं, पण मागं सोफा होता. अमरदीपनं आधी कड्याकडे आणि मग बायकोकडे पाहिलं.

खाली शेषराव जेवत होते. त्यांनी मान वर करून स्टेजकडे पाहिलं. चाळीस वर्षांची सवय. हातातली प्लेट टेबलावर ठेवून ते उभे राहिले आणि त्यांनी मान खाली घातली. ते उभे राहिलेले बघून त्यांच्या टेबलावरचे प्लांटवाले उभे राहिले, मग शेजारचं टेबल, मग त्यामागचं. कोण गेलं ते बऱ्याच जणांना ठाऊक नव्हतं, पण सगळे उभे आहेत म्हटल्यावर तेही उभे राहिले. वाढप्यांनी डाव थांबवले. कुणीतरी बँडवाल्याला हातानं खुणावलं.

रुक्मानं पुरी दोन मिनिटं घेतली. तिनं यात कधी कुणासाठी कसर ठेवली नव्हती, आणि ह्या पोरीला तर तिनं चालायला शिकवलं होतं. डोळ्यांत टिपूस आलं नाही. मग तिनं मान वर केली, पदर सारखा केला आणि पायऱ्या उतरून ती दाराकडे चालू लागली.

"मोठी आई!"

करिष्मा ओरडली. माईक तिच्या जवळच होता, त्यानं ती हाक उचलली आणि हॉलच्या कोपऱ्याकोपऱ्यात पोचवली. उभ्या असलेल्या चारशे माणसांनी ती ऐकली. रुक्मा दारापाशी पोचली होती, चपलांच्या ढिगातून आपली चप्पल शोधत होती. तिनं मागं वळून पाहिलं नाही.

पुढच्या रांगेतली बेबीताई लगबगीनं स्टेजकडे निघाली. "आली व माय," ती म्हणाली, "काय झालं?"